रविवारचं अकरा बाय अकरा शब्दकोडं : क्लू झकास, वेलांट्या ढिल्या

जळगाव, धुळे आणि नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांत जाणाऱ्या एका दैनिकाच्या रविवार पुरवणीत शेवटच्या पानावर मोठं शब्दकोडं येतं. सलग तीन महिन्यांचे अंक समोर ठेवून, प्रत्येक चौकट सोडवून आणि पुढच्या रविवारच्या उत्तराशी ताडून हे परीक्षण लिहिलं आहे. पुरवणीतलं राशिभविष्य, पाककृती वगैरे इथे विचारात घेतलेलं नाही.

चौकट अकरा बाय अकराची, म्हणजे १२१ घरं. त्यातली साधारण एक तृतीयांश काळी. इंग्रजी कोड्याची सवय असलेल्याला हा काळा भाग जास्त वाटेल. तिथे अमेरिकी पद्धतीच्या १५ बाय १५ च्या चौकटीत काळी घरं बरीच कमी असतात आणि तीन अक्षरांपेक्षा लहान शब्द चालतच नाही. पण तो नियम मराठीला लावणं अन्यायाचं आहे. २१ डिसेंबर १९१३ ला ‘न्यू यॉर्क वर्ल्ड’मध्ये आर्थर विन यांनी पहिलं शब्दकोडं छापलं तेव्हापासून इंग्रजी कोडेकाराच्या हाती फक्त २६ अक्षरं आहेत. आपल्याकडे एका ‘क’ची अख्खी बाराखडी, वर जोडाक्षरं. आडव्या शब्दातला ‘खे’ उभ्या शब्दातही ‘खे’च हवा, ‘ख’ किंवा ‘खा’ चालत नाही. त्यामुळे मराठीत दोन शब्द एकमेकांत अडकवणं कितीतरी कठीण आहे. काळी घरं जास्त आणि दोन अक्षरी शब्द भरपूर, हे मराठी कोड्यात चालायचंच. त्याबद्दल गुण कापलेले नाहीत.

गुण कापायचे ते सामाईक घरात. आडवा आणि उभा शब्द जिथे एकमेकांना छेदतात ते घर म्हणजे कोड्याचा खिळा. तो ढिला असेल तर बाकी सजावट कितीही असो, चौकट हलते. या कोड्याचे क्लू मनापासून आवडले, पण खिळे मात्र नीट तपासलेले नाहीत.

एका अंकात आडवा शब्द ‘कापूस’ आणि त्याच्या मधल्या घरातून खाली उतरणारा ‘पुरणपोळी’. वाचताना दोन्ही शब्द बरोबर वाटतात. पण ‘कापूस’मधला पू दीर्घ. अकारान्त मराठी शब्दाच्या शेवटून दुसऱ्या अक्षरातला इकार-उकार दीर्घ असतो: कापूस, फूल, बहीण, भरीत. ‘पुरण’मधला पु शेवटून तिसरा, म्हणून ह्रस्व. त्या एका घरात काय लिहायचं? ‘पू’ लिहिलं तर पोळी बिघडली, ‘पु’ लिहिलं तर कापूस. पुढच्या रविवारी उत्तरात ‘पु’ छापला आणि आडवा शब्द ‘कापुस’ झाला. कापसाच्या मुलखात तरी ही चूक व्हायला नको होती.

दुसऱ्या अंकात ‘मंदिर’ला ‘दीपमाळ’ छेदते. इथे कोडेकार वरच्याच नियमाच्या उलट्या बाजूला फसला. ‘मंदिर’ हा संस्कृतातून जसाच्या तसा आलेला शब्द, तिथे शेवटून दुसरं अक्षर मुळातल्याप्रमाणे ह्रस्वच राहतं. दीपमाळेतला दी दीर्घ. देवळासमोर दीपमाळ शोभते, पण चौकटीत ही जोडी जमत नाही.

तिसरी चूक जास्त शिकवणारी आहे. क्लू होता ‘धरणगावी जन्मलेले निसर्गकवी (४)’, उत्तर बालकवी. शेवटच्या घरातून खाली ‘विहीर’. साहित्य महामंडळाचे जे नियम राज्य शासनाने १९६२ साली स्वीकारले, त्यांनुसार शब्दाच्या शेवटचा इकार-उकार दीर्घ लिहायचा: कवी, गुरू. समासात तो मधे आला की ह्रस्व: कविराज, गुरुवार. कोडेकाराने ‘बालकवि’ हे जुनं रूप वापरून विहिरीचा ‘वि’ जुळवून घेतला. मोल्सवर्थच्या १८५७ च्या आवृत्तीसारखा जुना कोश उघडला तर ‘कवि’, ‘गुरु’ अशीच रूपं दिसतात, त्यामुळे गोंधळ समजण्यासारखा आहे. पण त्याच अंकात दुसऱ्या कोपऱ्यात ‘गुरू’ दीर्घ छापला होता. जुनं लेखन पाळायचं तर सगळ्या चौकटीत पाळा, नवं पाळायचं तर नवं. एकाच चौकटीत दोन शुद्धलेखनं आली की सोडवणाऱ्याला कशाचाच भरवसा उरत नाही.

ही अडचण सोडवणाऱ्याने कशी सांभाळावी? उपाय साधा आहे. सामाईक घरात इकार किंवा उकार येत असेल तर पहिल्या फेरीत फक्त व्यंजन लिहा, वेलांटी देऊ नका. ‘प’ लिहून ठेवा, उकार नंतर. आडवा आणि उभा दोन्ही शब्द पक्के झाले की मग मात्रा भरा. मात्रा जुळत नसेल तर आधी स्वतःचं उत्तर पुन्हा तपासा, कारण दहातल्या आठ वेळा शब्दच चुकलेला असतो. तरीही जुळली नाही तर चूक कोड्याची समजून पुढे जा, नाहीतर एका घरासाठी अख्खा कोपरा खोडला जातो.

क्लूंचं म्हणाल तर या कोड्याचं खरं वैभव तिथेच आहे. पुण्या-मुंबईच्या कोड्यांत खानदेश म्हणजे केळी आणि बहिणाबाई, संपलं. इथे ‘झुलत्या मनोऱ्यांचं गाव (४)’ येतं आणि उत्तर फरकांडे. ‘तापीकाठचा घोडेबाजार (५)’ म्हणजे सारंगखेडा. ‘१९२६ साली धुळ्यात निधन पावलेले इतिहासाचार्य (४)’ म्हणजे राजवाडे. ‘अक्षय्य तृतीयेला आपल्याकडे म्हणतात (३)’ हा तर बारा वर्षांच्या पोरीलाही सुटावा: आखाजी. घरातले तीन पिढ्यांचे लोक एका पानावर वाकतील असे हे क्लू आहेत.

मात्र स्थानिक क्लूला जादा तपासणी लागते, कारण बोलीत एका गोष्टीची दोन-दोन रूपं असतात. ‘श्रावणात बसवतात ती देवी (४)’ या क्लूचं उत्तर कानबाई की कानुबाई? दोन्ही चार अक्षरी आणि दोन्ही रूपं प्रचारात. फरक फक्त दुसऱ्या घरात, ‘न’ की ‘नु’. म्हणजे दुसरं घर उभ्या शब्दाने छेदलेलं असायलाच हवं. छापलेल्या चौकटीत छेद होता पहिल्या आणि चौथ्या घरात, नेमकं दुसरं मोकळं. गुलाबाई आणि भुलाबाईचं तेच, तिथे पहिलं घर बांधावं लागतं. (चौथ्या घरातल्या ‘ई’साठी कोडेकाराने उभा ‘सनई’ खाली आणून टेकवला होता, ते फार सुंदर जमलं होतं. ‘ई’ने सुरू होणारे शब्द मोजकेच, पण ‘ई’वर संपणारे सनई, मलई, मुंबई असे हवे तेवढे. म्हणून ‘ई’चं घर उभ्या शब्दाच्या शेवटी ठेवणं हीच योग्य पद्धत.)

सगळ्यात जास्त वेळ खाणारा क्लू पुढचा: ‘जळगाव जिल्ह्यातील तालुका (३)’. जिल्ह्यात तालुके १५. त्यातले तीन अक्षरी पाच: पाचोरा, पारोळा, चोपडा, रावेर, यावल. क्लू इतका सैल असेल तर सगळा भार छेदावर येतो. इथे एकच छेद होता, पहिल्या घरात, आणि तिथे आलं ‘पा’. झालं, पाचोरा की पारोळा हे पुढच्या रविवारपर्यंत अधांतरी. गंमत बघा, तोच एक छेद दुसऱ्या किंवा तिसऱ्या घरात दिला असता तर पाचही तालुके आपोआप वेगळे झाले असते: मधली अक्षरं चो, रो, प, वे, व, शेवटची रा, ळा, डा, र, ल. एकही पुन्हा येत नाही. छेद हलवणं शक्य नसेल तर क्लू घट्ट करावा. ‘पीजे रेल्वेचं एक टोक (३)’ म्हटलं की पाचोरा सोडून दुसरं काही उरत नाही, कारण पीजे म्हणजे पाचोरा-जामनेर, आणि दुसरं टोक जामनेर चार अक्षरी. ‘तापीला मिळणारी नदी (३)’ हाही असाच सैल क्लू: गिरणा, पांझरा, वाघूर, तिन्ही बसतात. तेव्हा तालुका-नदीचे क्लू शेवटी सोडवा, आधी कधीही नाही.

सुरुवात करावी ती म्हणींच्या रिकाम्या जागांपासून. ‘अति तिथे ___ (२)’ सारख्या क्लूला दुसरं उत्तर संभवत नाही, त्यामुळे ती घरं लगेच पक्की होतात. मग जोडाक्षरं. एखाद्या घरात ‘ज्ञा’, ‘क्ष’ किंवा ‘ष्ट’ आलं की छेदणाऱ्या शब्दाच्या शक्यता एकदम हाताच्या बोटांवर येतात. मात्रा नसलेली साधी अक्षरं फसवी, कारण ‘र’, ‘न’, ‘क’ कुठेही बसतात. कोडेकारही अडला की तिथेच धावतो: नयन, रजत, तनय, सदन, गगन. या तीन महिन्यांत ‘नयन’ आणि ‘तनय’ यांनी वारंवार हजेरी लावली आहे. उजव्या खालच्या कोपऱ्यात तीन अक्षरी, मात्राहीन जागा दिसली की आधी हे पाच शब्द बसवून बघा.

अनुस्वाराबाबत कोडं शिस्तीचं आहे, हे मुद्दाम सांगायला हवं. ‘पंडित’ लिहिला तर घरं पं-डि-त, ‘पण्डित’ लिहिला तर प-ण्डि-त. घरांची संख्या तीच, आतला ऐवज वेगळा. इथे सगळीकडे अनुस्वारच वापरलेला आहे आणि एकदाही गफलत सापडली नाही.

दर अंकात दोन-तीन वाकडे क्लू असतात, आणि रविवारची वाट बघायला लावणारी गोष्ट तीच. ‘पाणी अधिक खेडं (४)’: जळ आणि गाव, जळगाव. ‘उलटा मका हाताला (२)’: मका उलटा वाचला की काम. आणि तीन महिन्यांतला सर्वांत सरस क्लू म्हणजे ‘अनावरणात बट्टीबरोबर काय वाढलं? (३)’. अ-ना-व-र-ण, या शब्दाच्या पोटातच ‘वरण’ बसलेलं आहे. वाचणारा पंगतीचा मेनू आठवत बसतो आणि उत्तर डोळ्यांसमोर छापलेलं असतं. इंग्रजी क्रिप्टिक कोड्यांत लपवलेल्या शब्दाची ही युक्ती जुनी आहे, पण ती तिथून उचलून आणल्यासारखी वाटत नाही, कारण मराठीत ती अक्षराच्या मापाने खेळली आहे. असे क्लू दोन-तीनवरून पाच-सहा करावेत. फक्त त्यांच्यापुढे एखादी चांदणी छापावी, म्हणजे नव्या माणसाला कळेल की इथे सरळ अर्थ शोधायचा नाही.

अहिराणी क्लूंनाही अशीच खूण हवी. ‘मुलगी (३)’ एवढाच क्लू देऊन उत्तर ‘आंडेर’ ठेवलं तर तावडी बोलीच्या पट्ट्यातला किंवा नोकरीसाठी भुसावळला आलेला माणूस कन्यका, तनया करत बसेल. ‘मुलगी, अहिराणीत (३)’ एवढं पुरे. आणि बोलीतल्या उच्चाराचा प्रश्न आहेच: आपल्याकडे बोलताना केळीची केयी आणि डोळ्याचा डोया होतो. बोलीचा शब्द असेल तर ‘य’ लिहायचा की ‘ळ’, हे कोडेकाराने एकदा ठरवून चौकटीखाली एका ओळीत छापावं.

छपाईत दोन त्रास आहेत. घराची बाजू जेमतेम सहा मिलिमीटर. ‘र’ किंवा ‘का’ बसतो, ‘ष्ट्री’ किंवा ‘र्थ्या’ लिहायला गेलं की शेजारच्या घरात घुसतो. आठ मिलिमीटर केली तरी अकरा घरं नऊ सेंटिमीटरच्या आत बसतात, आणि पानाला तेवढी रुंदी सहज आहे, कारण बाजूला मोकळी जागा दिसते. दुसरा त्रास घरांच्या आकड्यांचा. देवनागरी १ आणि ९ बारीक टाइपात, शाई जरा पसरली की एकसारखे दिसतात, आणि मग ११ की १९ यासाठी चौकट पुन्हा मोजावी लागते. वर्तमानपत्राच्या कागदावर जेल पेन फुटतं आणि कडक पेन्सिलीने कागद फाटतो. २बी पेन्सिल हलक्या हाताने वापरा. खोडायचं असेल तर मऊ रबर, आणि एकाच घरात दोनदापेक्षा जास्त नाही, तिसऱ्या वेळी कागदाचा कोंडा निघतो.

उत्तर पुढच्या रविवारी येतं, तळहाताच्या निम्म्या आकारात. नुसती भरलेली चौकट, क्लू पुन्हा छापत नाहीत. त्यामुळे ‘वरण’ का, हे ज्याला कळलं नाही त्याला उत्तर बघूनही कळत नाही. वाकड्या क्लूंची फोड तीन ओळींत देता येईल. आणि चूक झाली असेल तर ‘गेल्या अंकातील कापूस-पुरणपोळीचा छेद चुकीचा होता’ असं एका ओळीत सांगावं. तीन महिन्यांत अशी एकही ओळ आलेली नाही. पोरं या पानावरून शुद्धलेखन उचलतात, आणि छापलेला ‘कापुस’ त्यांना बरोबरच वाटणार.

पाचापैकी क्लूंना साडेचार, चौकटीला अडीच, छपाईला दोन. कोडं सोडवायला घेताना मागच्या रविवारचा अंक जवळ ठेवा, कारण ‘तनय’ बहुतेक तिथेही असेल.