एकच घ्यायचं तर : ताल, फिशर, ब्रॉन्स्टीन की कास्पारोव्ह?

२०२५च्या जुलैत नागपूरच्या दिव्या देशमुखनं बाटुमीत महिला विश्वचषक जिंकला. तेव्हापासून आमच्या रविवारच्या पटावर एक प्रश्न फिरून फिरून येतो : "जुन्या दिग्गजांचं एखादं पुस्तक सांगा हो, एकच घेणार आहे." विचारणारे बहुतेक चाळिशीच्या आसपासचे. मोबाइलवर रोज पाच-सात ब्लिट्झ, म्हणजे काही मिनिटांत उरकणारे, डाव खेळतात आणि रेटिंग, म्हणजे ताकदीचा आकडा, हजार-बाराशेला अडकलेलं असतं. मी उलट विचारतो, पट मांडून वाचणार की लोकलमध्ये उभ्यानं? हा प्रश्न टाळून पुस्तक घेतलेल्यांची पुस्तकं कपाटात नवी कोरी पडून असलेली मी पाहिली आहेत.

लोकलमध्ये वाचणार असाल तर फार विचार नको. मिखाईल तालचं 'द लाइफ अँड गेम्स ऑफ मिखाईल ताल' घ्या. ही मुलाखत आहे. एक पत्रकार प्रश्न विचारतो, एक बुद्धिबळपटू उत्तरं देतो, आणि दोघंही तालच! त्यामुळे पत्रकार त्याला टोमणे मारतो, खेळाडू सारवासारव करतो, आणि बुद्धिबळाचं पुस्तक वाचताना आपण चक्क हसतो.

त्यातला पाणघोड्याचा किस्सा प्रसिद्ध आहे. वास्युकोव्हविरुद्धच्या डावात तालला घोड्याचं बलिदान द्यायचं होतं. फाटे, म्हणजे पुढच्या चालींच्या शक्यता, मोजता मोजता डोक्यात गुंता झाला आणि मध्येच चुकोव्हस्कीच्या बालकवितेतल्या ओळी आठवल्या : दलदलीतून पाणघोडा बाहेर ओढणं किती अवघड! मग हा जगज्जेता राहिलेला माणूस भर स्पर्धेत बसून विचार करत राहिला, जॅक लावावा की तरफ, हेलिकॉप्टर आणावं की दोराची शिडी. शेवटी कंटाळून ठरवलं, बुडू दे मेल्याला. पाणघोडा गेला तसा गुंताही गेला, आणि त्यानं घोडा दिला. दुसऱ्या दिवशी पेपरात छापून आलं की तालनं चाळीस मिनिटं बारकाईनं हिशेब करून अचूक बलिदान दिलं.

हा किस्सा सांगण्याचं कारण, पुस्तकाचा गुण आणि दोष दोन्ही त्यात आहेत. समोर धुकं असताना माणूस निर्णय कसा घेतो ते ताल दाखवतो. हिशेब कसा करायचा ते मात्र त्याच्याकडून शिकता येत नाही, कारण त्याच्या डोक्यातला हिशेब आपल्याला पेलणारा नाही. टिपा मोकळ्याढाकळ्या आहेत. पट समोर नसेल तरी गोष्ट चालू राहते आणि डाव घरी जाऊन बघता येतो. तालचंच पण पट मांडून वाचायचं काही हवं असेल तर १९६०च्या जगज्जेतेपदाच्या लढतीवरचं त्याचं वेगळं पुस्तक आहे. तेविसाव्या वर्षी त्यानं तेव्हाच्या जगज्जेत्या बोटविनिकला १२.५-८.५ असं हरवलं. तेव्हाचे एकवीसच्या एकवीस डाव त्यात आहेत. सहाव्या डावात त्यानं घोडा एफ४ या घरावर बळी द्यायला सोडला तेव्हा प्रेक्षागृहात इतका कल्ला झाला की दोघांना पट घेऊन मागच्या खोलीत जाऊन खेळावं लागलं.

आता अमेरिकेचा बॉबी फिशर. 'माय सिक्स्टी मेमरेबल गेम्स' १९६९चं आहे. ही तारीख लक्षात ठेवा, कारण घेणारे हटकून फसतात ते इथं. १९७२ची स्पास्कीविरुद्धची जगज्जेतेपदाची लढत यात नाही. तैमानोव्ह आणि लार्सनला त्यानं ६-० असं धुतलं, तेही नाही. एवढंच काय, तेराव्या वर्षी डोनाल्ड बर्नविरुद्ध खेळलेला, ज्याला लोक शतकातला डाव म्हणतात, तोही त्यानं घेतलेला नाही. पण ज्या तीन डावांत तो हरला, ते घेतले आहेत : ताल, स्पास्की आणि गेलर यांच्याविरुद्धचे. नऊ बरोबरीचेही आहेत. फिशरच्या अहंकाराच्या इतक्या कथा आपण ऐकलेल्या असतात, की स्वतःची चूक तो जितक्या कठोरपणे सोलतो ते बघून जरा ओशाळायला होतं.

मला विचाराल तर पुस्तकाचा गाभा बोटविनिकविरुद्धचा डाव आहे. वार्ना, १९६२चं ऑलिम्पियाड. फिशर एकोणीस वर्षांचा, बोटविनिक जगज्जेता. डाव तहकूब झाला तेव्हा फिशर वरचढ होता. सोव्हिएत गोटानं रात्रभर पट उलथापालथा केला आणि हत्तींच्या एंडगेममध्ये, म्हणजे मोजकीच मोहरी उरलेल्या शेवटच्या टप्प्यात, बरोबरी वाचवली. फिशरनं पुस्तकात बोटविनिकच्या टिपा छापल्या, त्यांच्याशी फाट्यागणिक भांडण मांडलं आणि शेवटी मी जिंकायला हवं होतं असा निकालही दिला. पुढं बोटविनिकच्या शाळेत शिकणाऱ्या एका पोरानं फिशरच्या त्या विश्लेषणात बरोबरीची वाट शोधून काढली. पोराचं नाव गॅरी कास्पारोव्ह. हा एक डाव दोन संध्याकाळी पट मांडून बघितला तर तालचं अख्खं पुस्तक वाचून होणार नाही इतका एंडगेम अंगात मुरेल. पण संध्याकाळी खरोखर दोन हव्यात, आणि पट हवाच. पट नसेल तर फिशरचं पुस्तक म्हणजे नुसती आकडेमोड. प्रत्येक डावाआधी लॅरी इव्हान्सची छोटी प्रस्तावना आहे, तेवढीच काय ती गोष्ट.

सोव्हिएत ग्रँडमास्टर ब्रॉन्स्टीनचं झुरिक १९५३ या, जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरवणाऱ्या स्पर्धेवरचं पुस्तक या दोघांपेक्षा वेगळ्या जातीचं आहे. इथं नायक एक नाही. पंधरा खेळाडू, प्रत्येकाशी दोनदा गाठ, एकूण २१० डाव, आणि सगळेच्या सगळे पुस्तकात. स्मिस्लोव्ह १८ गुणांनी जिंकला. ब्रॉन्स्टीन स्वतः केरेस आणि रेशेव्हस्कीबरोबर १६ गुणांवर दुसरा. म्हणजे ज्यानं खुर्चीत बसून घाम गाळला तोच इतरांचे डाव समजावून सांगतो. ओपनिंग, म्हणजे सुरुवातीच्या चाली, तो झटपट ओलांडतो, कारण त्याला बोलायचं असतं ते मिडलगेमबद्दल, डावाच्या मधल्या झुंजीबद्दल. काळ्या घरांची कमजोरी म्हणजे नेमकं काय, हे मला पहिल्यांदा इथं कळलं. फाट्यांचं जंगल नाही. एखादा शिकवण्याचा नाद असलेला काका चहा निववत बोलावा तसा सूर आहे.

चौदाव्या फेरीतला अवेरबाख-कोटोव्ह डाव घ्या. तिसाव्या चालीत काळ्याच्या बाजूनं कोटोव्ह आपला वजीर एच३वरच्या प्याद्यावर घालतो. पांढरा राजा वजीर घेतो. हत्तीचा शह, मग घोड्याचा शह, आणि तीन चालींत राजा एफ५वर, शत्रूच्या घरात, अनवाणी. नंतर तो बराच वेळ तिथंच उघड्यावर भटकत राहतो आणि ५१व्या चालीला डाव संपतो. नेटवर हा डाव दहा सेकंदांत सापडतो, पण तिथं त्याच्या आधीचे आणि नंतरचे डाव नसतात. पुस्तकात स्पर्धा फेरीफेरीनं पुढं सरकते आणि कोण थकलंय, कोण नुसती बरोबरी घेऊन झोपायला निघालंय ते दिसत जातं. पंधरापैकी नऊ खेळाडू सोव्हिएत होते. त्यांनी आपापसांत संगनमत केलं का, यावर आजही वाद रंगतो. १९५६ला मॉस्कोत छापलेल्या पुस्तकात त्याबद्दल काही सापडेल अशी अपेक्षा मात्र धरू नका.

फिशर की ब्रॉन्स्टीन, असा पेच पडला तर माझा कल ब्रॉन्स्टीनकडे. फिशर तुम्हाला बरोबर चाल सांगतो. ब्रॉन्स्टीन तुमच्याच पातळीवर येऊन, तुम्ही चुकीची चाल का खेळाल तेही सांगतो. बाराशेच्या माणसाला दुसरं जास्त लागतं. सतराशेच्या पुढं गेलात की उलट.

कास्पारोव्हच्या 'माय ग्रेट प्रेडिसेसर्स'चे पाच खंड (२००३ ते २००६) दिसायला देखणे, आणि भेट द्यायला लोक हेच घेतात. स्टाइनिट्झपासून कार्पोव्हपर्यंत जगज्जेत्यांची सगळी रांग, शिवाय मुकुट न मिळालेले मोठे खेळाडू. विश्वनाथन आनंदला शोधाल तर नाही, मालिका त्याच्या आधीच थांबते. विश्लेषण संगणकाच्या मदतीनं घासूनपुसून घेतलेलं, म्हणून फाटे पानपानभर. इतिहासाच्या बाजूनं मात्र जपून : किस्से पुष्कळ, पण ते कुठून घेतले ते सांगितलेलं नाही, आणि जाणकारांनी चुका दाखवल्या आहेत. पाचही एकदम घेऊ नका. ज्याच्यावर जीव आहे त्याचा खंड घ्या. पहिल्यात स्टाइनिट्झ, लास्कर, कापाब्लांका, अलेखाइन. दुसऱ्यात ताल. चौथा मुख्यतः फिशरचा, आणि फिशरचं स्वतःचं पुस्तक शेजारी ठेवून वाचायला तो झकास आहे.

खेळाच्या उगमाचाच नाद असेल तर मरेचं 'अ हिस्टरी ऑफ चेस' (१९१३). हस्तलिखितं वाचता यावीत म्हणून हा गृहस्थ अरबी शिकला. नऊशेच्या आसपास पानं आहेत आणि चतुरंगापासून सुरुवात. त्यानं तुमचा खेळ एका प्याद्यानंही सुधारणार नाही. मी ते आजवर सलग वाचलेलं नाही, उघडतो आणि रमतो. आपल्या मुंबईतही १८१४ सालीच त्रिवेंगडाचार्य शास्त्री यांचं बुद्धिबळावरचं पुस्तक संस्कृतातून इंग्रजीत छापलं गेलं होतं, हे अशा वाटांनी हिंडतानाच कळलं.

घरातल्या दहा-बारा वर्षांच्या पोरासाठी विचारत असाल तर यातलं एकही नको. चेर्नेव्हचं 'लॉजिकल चेस' द्या. तेहतीस डाव, आणि प्रत्येक चालीची टीप. अगदी पहिल्या चालीचीही, दर वेळी.

आवृत्ती बघून घ्या, एवढं मात्र प्रत्येकाला सांगतो. फिशरची १९९५ची नवी आवृत्ती मजकुरात फेरफार केल्यामुळे बदनाम झाली, खुद्द फिशर तिच्यावर खवळला होता. २००८ची त्यातल्या त्यात निर्धास्त. आणि जुन्या प्रती चाली लिहिण्याच्या जुन्या लिपीत असतात. मी माझी फोर्टच्या फुटपाथवरून घेतली होती. घरी येऊन पट मांडला. पांढऱ्याची चाल 'पी-के४', म्हणजे राजापुढचं प्यादं चौथ्या घरात, ते ई४वर ठेवलं. काळ्याची चालही 'पी-के४'. दुसरं प्यादं हातात घेऊन मी बसलो, त्या घरावर तर आधीच एक उभं होतं. त्या लिपीत जो तो आपल्या बाजूनं घरं मोजतो, हे कुणी सांगेपर्यंत माझा तो रविवार पहिल्याच चालीवर गेला.