‘लव्ह अँड डान्सिंग’ची जुनी एलपी, आठ महिने वाजवल्यानंतर

ही एलपी मी दोनदा विकत घेतली, आणि दोन्ही वेळा खराब निघाली असं समजून भांडलो, म्हणून आधी तेच सांगतो, बाकीचं नंतर.

इंग्लंडमधल्या शेफील्डला येऊन मला तीन वर्षं झाली. सिंथेसायझरवर पॉप गाणी करणारी ह्युमन लीग ही बँड याच गावची, त्यांचा १९८१ चा अल्बम ‘डेअर’ माझ्याकडे होता आणि पाठही होता. मार्चमध्ये ऑफिसच्या वाटेवरच्या एका जुन्या रेकॉर्डच्या दुकानात त्याच गाण्यांच्या रीमिक्सची ही एलपी नऊ पौंडाला दिसली, उचलली. घरी लावली तर पहिल्या बाजूला एका ठिकाणी आवाजाचा बारका तुकडा टकटकटकटक असा जागच्या जागी आपटला आणि मग गाणं पुढे गेलं. म्हटलं पिन अडकली. रेकॉर्ड पुसली, पिन साफ केली, परत लावली, बरोबर तिथेच तेच. दुसऱ्या दिवशी दुकानात गेलो तर दुकानदार म्हणे ते तसंच असतं. मला वाटलं टाळतोय, अर्धा तास वाद घातला, पैसे परत मिळाले नाहीत. रागारागात ऑनलाइन दुसरी कॉपी मागवली, टपाल धरून सोळा पौंड, तर तीसुद्धा अगदी तिथेच अडकली. त्या विकणाऱ्यालाही तक्रारीचा भलामोठा मेसेज पाठवला.

मग एका रात्री कागद घेऊन हिशोब केला. एलपी मिनिटाला ३३⅓ फेरे मारते, म्हणजे एक फेरा १.८ सेकंदांचा. पिन अडकली तर ती मागच्या फेऱ्यात उडी मारते, म्हणजे तोच आवाज परत यायला १.८ सेकंद लागणारच, त्याच्या आधी तो येऊच शकत नाही. आणि हा टकटक तर एका सेकंदात कितीतरी वेळा होतोय. म्हणजे पिन नाही, रेकॉर्ड नाही, हे कुणीतरी मुद्दाम केलंय. ते करणारा माणूस म्हणजे ‘डेअर’चाच निर्माता मार्टिन रशेंट, आणि त्याने हे ब्लेडने केलंय.

खरंच ब्लेडने. १९८२ साली आजच्यासारखं लॅपटॉपवर कॉपी-पेस्ट नव्हतं. ग्रँडमास्टर फ्लॅश हा न्यूयॉर्कचा डीजे दोन टर्नटेबलवर गाण्यांचे तुकडे एकमेकांना जोडत होता, ते ऐकून रशेंटच्या डोक्यात हे आलं आणि त्याने ‘डेअर’च्याच मूळ टेप घेऊन, मिक्सरवर इको वगैरे लावून नवीन मिक्स केले, आणि मग ती टेप कापून कापून चिकटवली. अडीच हजारांवर जोड आहेत म्हणतात. हे वाचून मी घरून आणलेली एक बिघडलेली कॅसेट काढली. लहानपणी टेप तुटली की आपण सेलोटेपने नाहीतर ताईच्या नेलपॉलिशने जोडायचो, आठवतंय ना? गाण्याचे मिनिटाला १२० ठोके आणि एका ठोक्यात चार टक धरले तर अशा टकटकीतला एक टक साधारण आठवा हिस्सा सेकंद, आणि कॅसेटवर तो जेमतेम सहा मिलिमीटर भरतो. पट्टी ठेवून कापायला गेलो, तुकडा बोटालाच चिकटला, दुसरा उलटा लागला, एक धड जोड लागायला वीस मिनिटं गेली आणि वाजवल्यावर नुसतं खरखर. स्टुडिओची टेप रुंद असते आणि सेकंदाला १५ इंच पळते, तिथे तोच तुकडा पावणेपाच सेंटिमीटरचा होतो, तरी असे हजारो? त्या दिवसापासून मी ही रेकॉर्ड पूर्ण वेगळ्या कानाने ऐकतो.

आता ज्या गाण्यासाठी घेतली ते. ‘द थिंग्ज दॅट ड्रीम्स आर मेड ऑफ’ हे ‘डेअर’चं पहिलंच गाणं, पण १९८१ मध्ये त्या अल्बमची चार सिंगल्स (म्हणजे एकेका गाण्याच्या सुट्या रेकॉर्ड) निघाली त्यात हे नव्हतं. ‘डोन्ट यू वाँट मी’ नाताळात ब्रिटनमध्ये एक नंबरला गेलं, पुढच्या वर्षी अमेरिकेतही गेलं, आणि हे बिचारं अल्बमच्या दारात उभं राहिलं, लोक याच्यावरून आत गेले. बँडचा गायक फिल ओकी यात आयुष्यात काय काय हवं त्याची यादीच म्हणतो, त्यात रामोन्स या अमेरिकन पंक बँडमधल्या तिघांची नावंसुद्धा येतात. मला ती यादी फार आवडते.

आणि ‘लव्ह अँड डान्सिंग’मध्ये शब्द बहुतेक गेलेत! पहिला महिना मला हाच राग होता. ओकीचा आवाज नाही तर ह्युमन लीग कशाला ऐकायची, कव्हरवर तर बँडचं नावही बदललंय, ‘द लीग अनलिमिटेड ऑर्केस्ट्रा’, अमेरिकन गायक बॅरी व्हाइटच्या ‘लव्ह अनलिमिटेड ऑर्केस्ट्रा’च्या नावावरून. तेव्हा मी या पोस्टचा कच्चा मसुदा लिहिला होता त्यात पाचपैकी दोन गुण दिले होते. पण या एलपीच्या दुसऱ्या बाजूचं ‘द थिंग्ज…’ हे पहिलंच गाणं, त्यामुळे रेकॉर्ड उलटली की तेच लागायचं, आणि मे-जूनपर्यंत माझ्या लक्षात आलं की मी आता ‘डेअर’ लावला तरी शब्दांच्या खालचं ऐकतोय. खालच्या पट्टीतला सिंथ कसा चालतो, लिन एलएम-१ या ड्रम मशीनची टाळी नेमकी कुठे पडते (या मशीनमध्ये खऱ्या ड्रमचे आवाज भरलेले, १९८० साली ही केवढी नवलाई होती), एक सूर येऊन इकोत कसा विरत जातो. हे सगळं आधीपासून तिथेच होतं, यादी ऐकण्याच्या नादात मला दिसलंच नव्हतं. बायकोला सिंथ-पॉपचं काही पडलेलं नाही, पण कणीक मळताना ती यातला बेस गुणगुणते, मूळ गाणं कधीच गुणगुणली नाही. दोनाचे साडेचार केले.

२००८ मध्ये हूज चून्स या डान्स लेबलने याच गाण्याचे नवे रीमिक्स सिंगल म्हणून काढले, म्हणजे अल्बममध्ये राहून गेलेल्या गाण्याला सत्तावीस वर्षांनी स्वतःचं सिंगल मिळालं. मला याचा मनापासून आनंद आहे. ते मी फोनवर ऐकतो, इथल्या चढांवर चालताना जोर येतो, तिथे ते बरोबर आहेत. पण घरी शांत बसून ऐकायला मला रशेंटचंच लागतं, कारण नव्यात प्रत्येक ठोका मोजून-मापून जागेवर बसलाय आणि रशेंटच्या जोडात हात जाणवतो.

तक्रार एकच, आणि ती आठ महिन्यांनीही गेली नाही. दुसऱ्या बाजूची शेवटची तीन गाणी अडीच-तीन मिनिटांत आटोपतात. ‘सेकंड्स’ आत्ता कुठे रंगात येतंय तोवर संपतं, दरवेळी जीव हळहळतो. पहिल्या बाजूला ‘डोन्ट यू वाँट मी’ला सात मिनिटं दिलीत, आणि ज्यांना नव्या जन्माची गरज होती त्यांना अडीच? ‘डू ऑर डाय’ला निदान साडेचार मिनिटं मिळालीत आणि तेवढ्यात ते मुळापेक्षा कितीतरी उजवं झालंय. सगळी मिळून जेमतेम पस्तीस मिनिटं, आणि माझे गेले पंचवीस पौंड. त्यात ‘डेअर’ आणि हे दोन्ही एकाच सीडीवर मिळतात हे मला ऑगस्टमध्ये कळलं. पैशाचा विचार असेल तर ती सीडी शोधा, नवीन पिनचा खर्चही वाचेल.

त्या ऑनलाइन विकणाऱ्याची मी माफी मागितली. दुकानात मात्र अजून गेलो नाही, या शनिवारी जाणार आहे. दुसरी कॉपी घरात पडून आहे, कव्हरचा एक कोपरा दुमडलाय, रेकॉर्ड स्वच्छ आहे. शेफील्ड किंवा लीड्सकडे कुणी मराठी माणूस ऐकणारा असेल तर आठ पौंडाला देईन. घरी येऊन दोन्ही बाजू वाजवून बघा आणि मगच घ्या.