ट्रॅक्टर सोडवून देतो म्हणून 45 हजार घेतले आणि अपिलाची मुदतही घालवली

वाळूत ज्यांची गाडी धरली गेलीये त्यांच्यासाठी लिहितोय, जमलं तर शेवटपर्यंत वाचा. चूक माझी होती हे आधीच सांगतो. चुलतभावाचं घरकुल मंजूर झालेलं, घरकुलाला 5 ब्रास वाळू फुकट मिळते हे ऐकून होतो, मग पास कशाला लागतोय असं समजून ड्रायव्हरला रात्री एक खेप आणायला पाठवलं. फुकट असली तरी झिरो रॉयल्टीचा पास, म्हणजे सरकारी शुल्क न घेता दिलेला वाळू वाहतुकीचा परवाना, लागतोच, हे कळलं तेव्हा ट्रॅक्टर ट्रॉलीसकट तहसीलच्या आवारात उभा होता.

दुसऱ्या दिवशी कचेरीबाहेर झेरॉक्सच्या दुकानापाशी एकजण भेटला, भाऊ काय काम काढलं म्हणून स्वतःहूनच बोलायला लागला. ट्रॅक्टरचा दंड 1 लाख, वर वाळूच्या बाजारभावाच्या पाचपट वेगळा, हे त्यानं सांगितलं ते खरंच होतं, आणि म्हणूनच मला पुढचंही सगळं खरं वाटलं. म्हणाला, साहेबांशी रोजचं बोलणं आहे, 45 मध्ये मिटवतो, फक्त अपील बिपील करू नका, फाईल अडकून बसंल. सोयाबीनचे पैसे आलेले होते, 40 हजार रोख दिले, 5 हजार फोनवरून टाकले आणि बंधपत्रासाठी म्हणून 500 च्या कोऱ्या स्टॅम्प पेपरवर सही पण करून दिली.

मग आज होईल उद्या होईल, साहेब मीटिंगला गेलेत, साहेब रजेवर आहेत, असं करत करत दोन महिने गेले. एक दिवस त्यानं "वाहन मुक्त आदेश" म्हणून एक कागद हातात दिला. जांभळ्या शाईचा शिक्का इतका फाकलेला की तालुक्याचं नाव वाचता येत नव्हतं आणि जावक नंबर निळ्या पेनानं टाकलेला. तो घेऊन आत गेलो तर क्लार्कनं रजिस्टर उघडून दाखवलं, त्या नंबरवर भलतंच पत्र गेलेलं.

त्यानंतर वकिलाकडे गेलो, जे पहिल्याच दिवशी करायला हवं होतं. त्यांनी कागदावर नुसती नजर टाकली आणि म्हणाले, हा खोटा आहे हे सहीवरूनच कळतं. कारण जमीन महसूल संहितेच्या कलम 48(8) प्रमाणे धरलेली गाडी 48 तासांत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा त्यांनी नेमलेल्या उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे न्यावी लागते आणि सोडायचा अधिकार त्यांना आहे, माझ्या कागदावर सही तहसीलदारांच्या नावाची. गाडी सुटते ती दंड भरून आणि परत असं करणार नाही असं बंधपत्र देऊन, आणि दंडाचा पैसा चलनानं सरकारात जातो, कुणाच्या खिशात जात नाही. चलन नाही म्हणजे दंड भरलेलाच नाही, मग तुम्हाला कुणी काहीही सांगो.

दंडाचा आदेश चुकीचा वाटला, वाळू एक ब्रास असताना तीन लिहिली असं काही असलं, तर तहसीलदारांच्या आदेशावर प्रांतांकडे, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्यांकडे, 60 दिवसांत अपील करता येतं. माझ्या आदेशात हेच झालेलं. पंचनाम्यात एक ब्रास, आदेशात दोन! पण ते 60 दिवस त्या माणसाच्या मागं फिरण्यातच संपले, आणि मला वाटतं त्याला हे पक्कं माहीत होतं. पोलिसांनी गुन्हा दाखल करून गाडी ताब्यात घेतली असेल तर रस्ता वेगळा आहे, तिथं मॅजिस्ट्रेट कोर्टात आधी जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या (CrPC) कलम 457 खाली गाडी परत मिळवायचा जो अर्ज करायचे तो आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या 503 खाली करायचा, आणि गाड्या ठाण्यात सडत ठेवू नका असं सुप्रीम कोर्टानं 2002 सालीच सुंदरभाई देसाई केसमध्ये सांगून ठेवलंय.

पंचनाम्याची कॉपी त्याच दिवशी मागा आणि त्यात बॅटरी, टायर, जॅक, सगळं लिहून घ्या. माझ्यात लिहिलेलं नव्हतं. परवा बघायला गेलो तर ट्रॉलीच्या चाकांत गुडघाभर गवत आणि बॅटरीच्या जागी नुसत्या दोन वायरी लोंबत होत्या, फायनान्सचा हप्ता मात्र चालूच आहे.

आता विलंब माफीच्या अर्जासकट अपील लावलंय, पोलिसांत त्या माणसाची तक्रार दिलीये. 40 हजारांना काहीच पुरावा नाही, फोनवरच्या 5 हजारांचा स्क्रीनशॉट तेवढा आहे. आणि सही केलेला तो कोरा स्टॅम्प पेपर अजून त्याच्याकडेच आहे, त्याचा नंबर सुद्धा मी लिहून ठेवलेला नाही.