जन्मावरचे दोन लघुपट: निवड अस्सल, दाखवणं कच्चं

छत्रपती संभाजीनगरच्या एका छोट्या हॉलमधल्या या खेळात दोनच लघुपट होते, दोन्ही मिळून वीसेक मिनिटांचे. निवड इतकी नेमकी, की दाखवण्यातली कसूर जास्तच सलते.

अमेरिकन प्रायोगिक चित्रपटकार स्टॅन ब्रॅकेजचा 'विंडो वॉटर बेबी मूव्हिंग' (१९५९) हा १६ मिलिमीटरवरचा मूकपट. पत्नी जेनचं पहिलं बाळंतपण त्याने घरीच चित्रित केलं. क्रम सरळ नाही. टबातल्या पाण्यातून वर आलेलं पोट, त्यावर खिडकीचा उजेड, मग एकदम कळा, पुन्हा पाणी. बाळाचं डोकं, नाळ, मागोमाग पडणारी वार, सगळं समोर. शेवटाकडे ब्रॅकेजचा हरखलेला चेहरा दिसतो, तो जेनने कॅमेरा हातात घेऊन टिपलेला.

यावर आयोजकांनी बासरी लावली, कुलरची घरघर झाकायला. तिथेच घोळ झाला. या चित्रपटाची लय दृश्यांच्या कापाकापीत, म्हणजे संकलनात आहे. सूर सुरू झाला की डोळे सुरामागे जातात आणि प्रत्येक झटका बोथट होतो. मे महिन्यात कुलर लागणारच, पण अर्धा तास आधी हॉल गार करून तेवढी तेरा मिनिटं तो बंद ठेवता येतो. दुसरी चूक चौकटीची. ४:३ चं, म्हणजे जुन्या चौकोनी धाटणीचं चित्र १६:९ च्या रुंद पडद्यावर ताणलं होतं, त्यामुळे ते गोल, ओलं पोट आडवं पसरट दिसत होतं. प्रोजेक्टरच्या सेटिंगमध्ये ४:३ निवडलं की दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या येतात. त्या तशाच असू द्याव्यात.

आर्मेनियन चित्रपटकार आर्तावाझ्द पेलेश्यानचा 'लाइफ' (१९९३) सात मिनिटांचा, रंगीत. कळा देणाऱ्या बाईचा चेहरा अगदी जवळून, हृदयाचे ठोके आणि इटालियन संगीतकार वेर्दीचं संगीत. ठोक्यांचा खर्ज कॉम्प्युटरच्या स्पीकरमधून येतच नाही, नुसती टकटक ऐकू येते. मंडपवाल्याकडचा एक बेस बॉक्स आणला असता तरी भागलं असतं. हा दुसरा ठेवला, हे मात्र अचूक: शांततेनंतर पहिला ठोका छातीत बसायला हवा.

मधल्या लांबलचक भाषणाऐवजी तेर गावात सापडलेल्या लज्जागौरी या मातृदेवतेच्या मूर्तीचा एक फोटो पडद्यावर लावायला हवा होता. तिला प्रसवमुद्रेतलं शरीर आहे, मस्तक नाही. पेलेश्यानकडे नेमकं उलट, जवळजवळ सगळा चेहराच. ब्रॅकेजकडे दोन्ही.