गेम्स उडवायचं पान: स्टीमच्या स्टोरेज मॅनेजरचा रिव्ह्यू

लोक गेम्सचे रिव्ह्यू लिहितात, ग्राफिक्स कार्डांचे लिहितात, माऊसखालच्या पॅडचेसुद्धा लिहितात. गेम्स काढून टाकायच्या सोयीबद्दल मात्र फारसं कोणी बोलत नाही. माझं तर खेळण्याइतकंच काम काढण्याशी पडतं. लॅपटॉपात एकच एसएसडी, म्हणजे फिरते भाग नसलेली डिस्क. खोक्यावर लिहिलंय ५१२ जीबी, विंडोजमध्ये दिसतात ४७६. (कुणी काही चोरलेलं नाही. डिस्क बनवणारे हजाराच्या पटीत मोजतात, विंडोज १०२४ च्या.) त्यातून खुद्द विंडोज, कामाच्या फायली आणि फोटो वजा केले की गेम्ससाठी उरते ती जागा फार मोठी नाही. बाल्डर्स गेट ३ एकटा १५० जीबी मागतो. रेड डेड रिडेम्प्शन २ पण तेवढेच. दोघांना शेजारी बसवलं की तिसरा आल्यावर कुणाला तरी उठवावंच लागतं.

तर हा रिव्ह्यू स्टीमच्या, म्हणजे कॉम्प्युटरवरचे गेम्स विकत घ्यायच्या आणि चालवायच्या अ‍ॅपच्या, सेटिंग्जमधल्या ‘स्टोरेज’ या पानाचा. आत्ता दिसतं त्या धाटणीचं हे पान २०२१ मध्ये आलं. वर ड्राइव्हचं नाव आणि एक रंगीत पट्टी: स्टीमच्या गेम्सनी किती जागा खाल्ली, बाकीच्या फायलींनी किती, मोकळी किती. खाली इन्स्टॉल केलेल्या गेम्सची यादी, प्रत्येकासमोर आकार आणि टिक करायची चौकट. हवे तेवढे टिक करायचे, अनइन्स्टॉल दाबायचं, एकदाच ‘हो’ म्हणायचं. झालं. शेजारी ‘मूव्ह’ आहे, म्हणजे दुसरा ड्राइव्ह जोडलेला असेल तर गेम न उडवता तिकडे हलवता येतो.

सेटिंग्जपर्यंत जायचा कंटाळा असेल तर लायब्ररीच्या डाव्या यादीतही हे जमतं. कंट्रोल दाबून एकेक गेम निवडा, राइट क्लिक, मॅनेज, अनइन्स्टॉल. मी तसं क्वचितच करते, कारण त्या यादीत नावं दिसतात, आकार दिसत नाहीत. आणि आकार न बघता गेम्स काढणं म्हणजे निव्वळ हौस.

हा मुद्दा भाच्याशी झालेल्या बोलण्यातून मला नीट कळला. तो शेजारी बसून यादी बघत होता.

“आत्या, हे बारके बारके सगळे काढून टाक की. किती आहेत बघ!”

“अरे, स्टारड्यू व्हॅली, अंडरटेल आणि सेलेस्ट, तिन्ही मिळून दोन जीबीच्या आसपास होतात. तेवढ्यात काय येणारे?”

“मग मोठा काढ.”

“मोठा तू खेळतोस.”

त्यावर तो गप्प. पण त्याच्यासारखाच विचार बहुतेक जण करतात. यादी लांबलचक दिसते, म्हणून लांबी कमी करायला जातात. डझनभर छोटे गेम्स उडवले की हाताला काम झाल्यासारखं वाटतं आणि ड्राइव्हवरची लाल रेघ जिथल्या तिथे. यादी आकाराने लावा, वरचे दोन-तीन बघा, बाकीच्यांना हात लावू नका. छोटे गेम्स तर मी कधीच काढत नाही. दहा मिनिटं मोकळी मिळाली की तेच उघडले जातात. लायब्ररीच्या मुख्य पानावर सगळ्या गेम्सची मांडणी ‘साइझ ऑन डिस्क’ नुसार किंवा ‘शेवटचा कधी खेळला’ त्यानुसार लावता येते. या दोन मांडण्या एकामागून एक बघितल्या की कोण जाणार हे आपोआप ठरतं: दोन्हीकडे वाईट ठिकाणी असलेला.

मुळात गेम्स इतके फुगतात का, हे कळलं की काढतानाचा राग जरा योग्य जागी वळतो. २०१४ च्या टायटनफॉलची पीसी आवृत्ती ४८ जीबीची होती आणि त्यातले ३५ जीबी नुसता आवाज, तोही न दाबलेला (कॉम्प्रेस न केलेला). कारण दाबलेला आवाज खेळताना उलगडायला प्रोसेसर लागतो, आणि कमी ताकदीच्या मशिनवर तो भार नको होता. दुसरं कारण जुन्या फिरत्या हार्ड डिस्क. तिथे वाचणारा काटा इकडून तिकडे पळण्यात वेळ जातो, म्हणून एकच टेक्स्चर (वस्तूंच्या पृष्ठभागावर चढवायचं चित्र) दहा ठिकाणी पुन्हा पुन्हा ठेवलं जातं, जिथे लागेल तिथे जवळच मिळावं. हेलडायव्हर्स २ पीसीवर दीडशे जीबींच्या घरात गेला तो याच कारणाने. २०२५ च्या अखेरीस बनवणाऱ्यांनी ती पुनरावृत्ती काढली आणि गेम २३ जीबींवर आला. म्हणजे सव्वाशेहून जास्त जीबी एसएसडीवाल्यांनी उगाच सांभाळले होते. मी ही बातमी वाचून आनंदित व्हायला हवं होतं. मी आधी चिडले, मग आनंदित झाले.

कधी कधी गेम काढायची गरजच नसते, त्याचं एखादं अंग काढलं की भागतं. फॉलआउट ४ ला २०१७ मध्ये फुकट मिळालेला हाय-रेझोल्यूशन टेक्स्चर पॅक ५८ जीबींचा आहे. मूळ गेमला सुरुवातीला ३० जीबी जागा मागितली होती, म्हणजे मालकापेक्षा पाहुणा मोठा. माझ्या लॅपटॉपच्या पडद्यावर त्याचा फरक दिसतही नाही. गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये डीएलसीच्या (मूळ गेमला जोडायच्या जादा भागांच्या) यादीत जाऊन त्यावरची टिक काढायची, स्टीम तेवढाच भाग पुसतं. हे काम प्रॉपर्टीजमध्ये दडवण्याऐवजी स्टोरेजच्या पानावर ठसठशीत हवं होतं. ज्याला जागा हवी आहे, तो तिथेच आलेला असतो.

आता या पानाचं खरं उणं. अनइन्स्टॉल दाबल्यावर येणारी चौकट सांगते की गेम लायब्ररीत राहील, खेळायचा झाला तर पुन्हा डाउनलोड करावा लागेल. खरं आहे. पण माणसाला भीती असते ती गेमची नाही, सेव्हची, म्हणजे साठवून ठेवलेल्या प्रगतीची. साठ तासांची मेहनत कुठे जाईल? त्यावर चौकट गप्प. उत्तर गेमगणिक वेगळं आहे. ज्यांना स्टीम क्लाउड आहे, त्यांची सेव्ह सर्व्हरवर असते आणि गेम पुन्हा टाकला की खाली येते. ही सोय २००८ पासूनची, पण द्यायची की नाही हे बनवणाऱ्याच्या हातात. स्टोअरच्या पानावर उजवीकडे ‘स्टीम क्लाउड’ लिहिलेलं असतं, आणि लायब्ररीत गेमच्या पानावर क्लाउडची स्थिती दिसते. काढण्याआधी तेवढं बघायचं.

क्लाउड नसला तरी लगेच घाम फुटायला नको. कित्येक गेम्स सेव्ह स्वतःच्या फोल्डरात ठेवतच नाहीत. हॉलो नाइटची सेव्ह अ‍ॅपडेटाच्या लोकललो मध्ये टीम चेरी या बनवणाऱ्यांच्या नावाने बसलेली असते, स्टारड्यूची अ‍ॅपडेटाच्या रोमिंगमध्ये. काहींची डॉक्युमेंट्समधल्या ‘माय गेम्स’ मध्ये. अ‍ॅपडेटा हे फोल्डर विंडोज लपवून ठेवतं, म्हणून लोकांना वाटतं सगळं गेलं. गेम गेला तरी ती फाइल तिथेच पडून असते. मी मोठी सफाई करण्याआधी या तिन्ही जागांची एक प्रत पेनड्राइव्हवर टाकते. सेव्ह फायली बहुतेक वेळा इतक्या लहान असतात की त्यासाठी जागेची चिंता करण्याचं कारणच नाही.

याचीच दुसरी बाजू म्हणजे मागे राहणारा कचरा. स्टीम स्वतः ठेवलेलं तेवढंच उचलतं. तुम्ही हाताने टाकलेले मॉड्स (गेममध्ये बदल करणाऱ्या जादा फायली), मॉड चालवायला लागणाऱ्या फायली, गेमने स्वतः तयार केलेल्या नोंदी, हे सगळं स्टीमअ‍ॅप्समधल्या ‘कॉमन’ फोल्डरात तसंच राहतं. स्कायरिमसारख्या गेममध्ये मॉड्स हाताने भरले असतील तर गेम गेल्यावरही फोल्डर चांगलंच जड असू शकतं. जागा अडते हे एक, आणि काही महिन्यांनी गेम परत टाकला की ताज्या फायलींच्या मधोमध जुने मॉड्स येऊन बसतात आणि मग तो सुरू होताच का कोसळतो याचा शोध. म्हणून मोठा गेम काढल्यावर ‘कॉमन’ मध्ये एक नजर टाकायची आणि उरलेलं फोल्डर हाताने पुसायचं.

उलट क्रम मात्र कधी करू नये. म्हणजे आधीच फोल्डर पुसणं. स्टीमकडे प्रत्येक गेमची एक नोंदफाइल असते, ती शाबूत राहते, आणि स्टीमला वाटत राहतं की गेम जागेवर आहे.

विंडोजच्या स्वतःच्या ‘इन्स्टॉल्ड अ‍ॅप्स’ च्या यादीतही आकारानुसार मांडणी मिळते, पण तिथे एकेक करतच काढावं लागतं. बल्क क्रॅप अनइन्स्टॉलर नावाचं एक मुक्त सॉफ्टवेअर आहे, ते स्टीमचे गेम्ससुद्धा ओळखतं आणि ढिगाने काढतं. अनेक दुकानांतून गेम्स घेतले असतील त्यांनी बघावं. माझ्याकडे स्टीमसारखाच आणखी एक लाँचर आहे, नाव घेत नाही. तिथे मला प्रत्येक गेमच्या तीन टिंबांवर जाऊन, मेन्यू उघडून, काढायला सांगून, पुन्हा खात्री द्यावी लागते, आणि एक निघेपर्यंत दुसऱ्याला हात लावायची सोय मला तरी सापडली नाही. फुकट वाटलेले गेम्स गोळा करायला तो लाँचर उत्तम, काढायला नाही.

कन्सोलवाल्यांची गत याहून बिकट, कारण तिथे जागाच मोजकी. पहिल्या प्लेस्टेशन ५ मध्ये ८२५ जीबींपैकी वापरायला ६६७ मिळत, एक्सबॉक्स सिरीज एस मध्ये ५१२ पैकी साधारण ३६४. दोन्हीकडे गेम काढल्याने सेव्ह जात नाही, ही मोठी निश्चिंती. मला सगळ्यात आवडते ती निन्टेन्डो स्विचची रीत: ‘आर्काइव्ह’ केलं की गेम जातो, त्याचं चित्र मात्र पडद्यावर जागेवर राहतं, आणि ‘क्विक आर्काइव्ह’ तर बरेच दिवस न उघडलेले गेम्स स्वतःहून सुचवतं.

किती जागा मोकळी ठेवायची, याचं माझं उत्तर आहे: वाटते त्यापेक्षा जास्त. एसएसडी काठोकाठ भरला की लिहिण्याचा वेग पडतो, कारण डेटा हलवाहलव करायला त्याला आत मोकळे ब्लॉक लागतात. आणि स्टीम मोठ्या फायलींचा पॅच लावताना नवी फाइल जुनीच्या शेजारी तयार करतं, मगच अदलाबदल करतं. म्हणून दोन जीबींच्या अपडेटला वीस-तीस जीबी मोकळे मागितल्याचं दिसतं, आणि लोक स्टीमला शिव्या देतात. तेवढी एक शिवी तरी स्टीमला लागू नाही.

काढणं इतकं निर्धास्त झालं आहे त्याला आणखी एक सोय कारण आहे, जी या पानावर दिसतच नाही. २०२३ पासून स्टीम एकाच नेटवर्कवरच्या दुसऱ्या कॉम्प्युटरवरून गेम उचलू शकतं, इंटरनेटवरून सगळा पुन्हा उतरवण्याची गरज पडत नाही. दोन्ही मशिन्स चालू आणि दोन्हीकडे स्टीम लॉग-इन असावं लागतं, एवढंच. आमच्याकडे भाच्याचं अकाउंट वेगळं आणि ही सोय मुळात फक्त स्वतःच्याच मशिन्सपुरती लावलेली असते, म्हणून त्याच्या डाउनलोड्सच्या सेटिंगमध्ये ती ‘फ्रेंड्स’ वर करून घेतली. आता बाल्डर्स गेट ३ त्याच्या मोठ्या डिस्कवर राहतो आणि मला खेळायचा झाला की दुपारी तिकडून घेते. गेम दोघांच्याही लायब्ररीत हवा, हे सांगायला नको.

पाचपैकी चार तारे. पाचवा हातात आहे. त्या खात्रीच्या चौकटीत प्रत्येक गेमच्या नावापुढे ‘सेव्ह क्लाउडवर आहे’ किंवा ‘नाही’ एवढं लिहा, लगेच देते.