रत्नागिरीतील ओझू चित्रपटमाला : क्रम उत्तम, पडदा फिका

यासुजिरो ओझू या जपानी दिग्दर्शकाचे निवडक चित्रपट कालक्रमाने दाखवणारी एक माला यंदाच्या पावसाळ्यात रत्नागिरीतील एका वाचनालयाच्या सभागृहात पार पडली. सर्वांत गाजलेला चित्रपट आधी लावून गर्दी जमवण्याचा मोह आयोजकांनी टाळला, हे मला फार मोलाचे वाटते; कारण १९२३ साली शोचिकू कंपनीत कॅमेऱ्याचा मदतनीस म्हणून लागलेल्या आणि १९२७ मध्ये दिग्दर्शक झालेल्या या कलावंताने पुढे एकेक क्लृप्ती कशी टाकून दिली, ते क्रमाने पाहिल्यावरच ध्यानात येते.

१९३२च्या 'आय वॉज बॉर्न, बट...' या मूकपटात कॅमेरा वर्गातल्या बाकांपुढून सरकतो, आणि पाठोपाठ कचेरीत जांभया देणाऱ्या कारकुनांपुढून. १९५३च्या 'टोकियो स्टोरी'त तो क्वचितच हलतो. १९५८ पासूनच्या रंगीत चित्रपटांत तर जमिनीलगत ठाण मांडून बसतो, आणि माणसे उठून गेल्यावरही रिकाम्या खोलीकडे पाहत राहतो. ओनोमिचीसारख्या बंदराच्या गावातून मुलांकडे टोकियोला गेलेले म्हातारा-म्हातारी पाहताना, ज्यांची मुले मुंबईत नोकरीला आहेत अशा प्रेक्षकांना हाती दिलेले मराठी टिपण उघडावेही लागले नाही. टिपणे मात्र नेटकी होती, आणि इंग्रजी उपशीर्षके न वाचणाऱ्यांची त्यांनी चांगली सोय केली.

एक उणीव खटकली. १९३२ वरून माला थेट १९४९च्या 'लेट स्प्रिंग'वर आली आणि ओझूचा पहिला बोलपट, १९३६चा 'द ओन्ली सन', वगळला गेला. रेशमाच्या गिरणीत राबून मुलाला शिकवणारी आणि पुढे त्याची टोकियोतली ओढगस्त पाहणारी ती विधवा आई भेटली असती, तर 'टोकियो स्टोरी'चे मूळही हाती लागले असते.

प्रक्षेपण कमी पडले. लाल रंग खुलावा म्हणून ओझूने 'इक्विनॉक्स फ्लॉवर' या आपल्या पहिल्या रंगीत चित्रपटासाठी मुद्दाम ॲग्फा कंपनीची फिल्म निवडली होती. इथे त्यातली प्रसिद्ध लाल किटली विटकरी दिसली. पत्र्यावरच्या पावसाने बोलपटांतले हलके संवादही गिळले. चर्चा लांबल्या की पावसकडच्या मंडळींना शेवटच्या एसटीसाठी मधूनच उठावे लागे, तेव्हा खेळ तासभर आधी सुरू व्हावा.

पुढील माला केन्जी मिझोगुची या दुसऱ्या जपानी दिग्दर्शकावर करण्याचा मानस असल्याचे समजले. त्याआधी प्रक्षेपक बदलावा आणि ती पावसाळ्यानंतर ठेवावी, ही आग्रहाची विनंती.