न्यूझीलंडची रिस्टोरेटिव्ह जस्टिस सेवा: चोराला भेटायला जावं का?

ऑकलंड किंवा हॅमिल्टनच्या मराठी घरात चोरी झाली तर आधी कपाटातलं सोनं जातं. चोर सापडतो, कोर्टात गुन्हा कबूल करतो, आणि मग एखाद्या स्थानिक संस्थेतून फोन येतो: त्याला समोरासमोर भेटायची तुमची तयारी आहे का? पुष्कळ जण तिथेच नाही म्हणतात, कारण हा केस मिटवायचा प्रकार वाटतो. भारतात तडजोडीला पात्र गुन्ह्यात समझोता झाला की आरोपी सुटतो, म्हणून तसं वाटणं साहजिक आहे. इथे मात्र खटला मागे घ्यायचा प्रश्नच येत नाही. भेट झाली काय, न झाली काय, शिक्षा न्यायाधीशच ठरवतो.

रिस्टोरेटिव्ह जस्टिस, म्हणजे गुन्हेगार आणि पीडित यांची अशी भेट घडवून आणणारी ही सेवा, कोर्टाच्या मर्जीवर सोडलेली नाही. २००२ च्या सेंटेन्सिंग ॲक्टमध्ये डिसेंबर २०१४ पासून २४ए हे कलम आहे. डिस्ट्रिक्ट कोर्टात आरोपीने गुन्हा कबूल केला, गुन्ह्यात कुणी पीडित असेल आणि त्या भागात ही सेवा मिळत असेल, तर शिक्षा सुनावण्याआधी कोर्टाला तारीख पुढे ढकलावीच लागते. त्या मुदतीत ही भेट शक्य आणि योग्य आहे का, याची चौकशी होते. काम स्थानिक संस्था करतात, पैसे न्याय मंत्रालय देतं. पीडिताला एक डॉलरही पडत नाही.

आमच्या मते या सेवेचा खरा कस तयारीच्या भेटीत लागतो. फॅसिलिटेटर, म्हणजे भेट घडवून आणणारी माणसं, बहुधा दोघं असतात. ती गुन्हेगाराला वेगळी भेटतात, तुम्हाला वेगळी. तो जबाबदारी घेतोय की नुसती शिक्षा कमी व्हावी म्हणून येतोय, हे तिथे तपासलं जातं. "माझ्याकडून झालं, पण मित्रांनी भरीला घातलं" एवढ्यावरच तो अडलेला असेल, तर चांगला फॅसिलिटेटर भेट ठरवतच नाही. तयारीची भेट दहा मिनिटांत फोनवर उरकली तर सावध व्हावं. "तो काय म्हणाला? माझ्या कोणत्या प्रश्नांची उत्तरं द्यायला तयार आहे?" असं थेट विचारावं. उत्तर गुळमुळीत मिळालं तर पुन्हा प्रत्यक्ष भेट मागावी.

दुभाष्या हवा असेल तर पहिल्याच फोनवर सांगा. हिंदी चालेल का असं विचारलं गेलं आणि तुम्हाला मराठीच सोयीची असेल, तर मराठीच मागा. घरच्या मुलामुलीला दुभाष्या म्हणून अजिबात बसवू नका. रात्री झोप लागत नाही, दाराचा आवाज झाला की छातीत धस्स होतं, हे आई मुलाच्या तोंडून परक्या माणसाला सांगणार नाही, आणि मुलगाही त्यातलं निम्मं गाळेल. सोबतीला मात्र घरचं माणूस किंवा मैत्रीण जरूर न्या. तिनेही तयारीच्या भेटीला यावं, नाहीतर ऐन वेळी तीच भडकते आणि बोलायचं राहून जातं.

प्रत्यक्ष भेट साधारण एक ते तीन तास चालते. खुर्च्या गोलात मांडतात, मध्ये टेबल बहुधा नसतं. दाराजवळ बसायचं का, आधी कोणी बोलायचं, समोरच्याने तुमच्या आधी यायचं की नंतर, हे सगळं आधी ठरवून घेता येतं. कधी सुरुवातीला काराकिया, म्हणजे माओरी प्रार्थना होते. नको असेल तर तेही आधी सांगावं. फॅसिलिटेटर आधी त्याला विचारतो: काय घडलं, तेव्हा मनात काय होतं, कोणाकोणाला झळ पोचली? मग तुमची पाळी.

प्रश्न कागदावर लिहून न्या. घरफोडीत लोकांना आतून पोखरणारे प्रश्न ठरलेले असतात. आमचंच घर का? आधी पाळत ठेवली होती का? आम्ही गावाला गेलोय हे कसं कळलं? परत येणार का? आणि मंगळसूत्र कुठे गेलं? शेवटच्या प्रश्नाचं उत्तर मिळेलच असं नाही, सांगायची सक्तीही त्याच्यावर नसते. पण पहिल्या चारांची उत्तरं पोलिसांच्या कागदात सापडत नाहीत आणि कोर्टात ती विचारायची सोय नाही. तिथे व्हिक्टिम इम्पॅक्ट स्टेटमेंट, म्हणजे गुन्ह्याचा तुमच्यावर काय परिणाम झाला याचं निवेदन देता येतं, त्यात तुम्ही सांगता, समोरून उत्तर येत नाही. उत्तरं हवी असतील तर ही सेवा घेण्यासारखी आहे. फक्त पैसे हवे असतील तर ते काम कोर्टाच्या रेपरेशन, म्हणजे भरपाईच्या आदेशानेही होतं.

त्याने पुढे काय करायचं याचा करार भेटीत होऊ शकतो. त्यात पैशाचा हिशेब नीट धरा. विम्याने भरून न दिलेला एक्सेस (दाव्यातला तुम्ही स्वतः सोसायचा भाग), काचेची पावती, बुडालेली मजुरी आणि दागिन्यांच्या विमा मर्यादेवरचं नुकसान, सगळं पावत्यांसह न्या. मानसिक त्रासासाठीही कोर्ट रेपरेशन देऊ शकतं. पैशापाशीच करार फसू शकतात. भेटीच्या भरात तो मोठी रक्कम कबूल करतो, हाती मात्र तुटपुंजी कमाई किंवा सरकारी भत्ता असतो आणि तिसऱ्या हप्त्याला गाडी अडते. शिवाय खोलीत झालेला करार आपोआप बंधनकारक नसतो. भेटीचा अहवाल न्यायाधीशाकडे जातो, त्याला तो विचारात घ्यावा लागतो, पण रक्कम शिक्षेच्या आदेशात आली तरच कोर्टाचा वसुली विभाग मागे लागतो. म्हणून "रेपरेशन म्हणून आदेशात यावं ही आमची विनंती" हे वाक्य अहवालात लिहून घ्या. पाठपुरावा ही या सेवेची सर्वांत कच्ची बाजू आहे. करारात ठरलेल्या व्यसनमुक्तीच्या समुपदेशनाला तो खरंच गेला का, हे तुम्हाला कळवायची जबाबदारी कोणाची, हेही नावासकट लिहून घेतलेलं बरं.

भेटीमुळे त्याची शिक्षा कमी होऊ शकते, हे मनात धरूनच जावं. पटत नसेल तर नाही म्हणण्यात काही चूक नाही. मधेच उठून जायचाही हक्क आहे. जायचं नसेल पण बोलायचं असेल, तर तुमचं पत्र फॅसिलिटेटर वाचून दाखवू शकतो. न्याय मंत्रालयाच्या २०१६ च्या अभ्यासात अशा भेटीला बसलेल्यांचं पुढच्या १२ महिन्यांत पुन्हा गुन्हा करण्याचं प्रमाण तशाच इतरांपेक्षा १५ टक्क्यांनी कमी आढळलं. भेटीला तयार होणारे मुळातच थोडे बरे असतील, हा आक्षेप रास्त आहे.

गुन्हेगार १४ ते १७ वर्षांचा असेल तर सहसा हा मार्ग नसून मुलांविषयीच्या १९८९ च्या कायद्यातली फॅमिली ग्रुप कॉन्फरन्स असते. तिथे त्याचे घरचे, पोलीस आणि तुम्ही एकत्र बसता. मधे घरच्यांना एकांतात बोलू देतात, तेव्हा बाहेर थांबावं लागतं. तयार होणाऱ्या योजनेला तुमचीही संमती लागते, त्यामुळे इथे पीडिताचं वजन जास्त पडतं. आम्हाला ही रचना अधिक आवडते.

महाराष्ट्रात याच्या जवळचं काही शोधायचं तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेतल्या प्ली बार्गेनिंगकडे, म्हणजे गुन्हा कबूल करून शिक्षेबद्दल होणाऱ्या वाटाघाटीकडे, बघावं लागेल. कोर्ट त्यासाठी ६० दिवसांपर्यंत मुदत देतं आणि पीडितही वाटाघाटीत बसतो. पण दोन्ही बाजूंची आधी तयारी करून घेणारं माणूस तिथे नाही, आणि ती उणीव मोठी आहे.

फोन आलाच नाही तर वाट बघत बसू नका. केसवरच्या पोलीस अधिकाऱ्याला किंवा व्हिक्टिम्स इन्फर्मेशन या पीडितांसाठीच्या माहितीसेवेच्या ०८०० ६५० ६५४ या नंबरवर विचारा, आणि तेही शिक्षेच्या तारखेआधी.